गोटीएवढी होऊन गळणारी अंजिरं : फ्रेझ्नोच्या बागांचं प्रकरण (१८८०–१८९९)

फ्रेझ्नो कॅलिफोर्नियाच्या मध्य खोऱ्यात आहे. उन्हाळा कोरडा आणि कडक, थंडी बेताची, जमीन खोल, पाणी कालव्याचं. अंजिराला याहून जास्त काही लागत नाही, असं कुणीही म्हणेल, आणि १८८० च्या दशकात तिथले बागाईतदार तसंच म्हणत होते. झाडं जोमानं वाढत होती. कीड नाही, रोग नाही. फळंही धरत होती. ती गोटीएवढी झाली की मात्र हिरवा रंग फिका पडे, साल सुरकुते आणि फळ गळून पडे. एखाददुसरं फळ गळालं असतं तर कुणी लक्षही दिलं नसतं. इथे सगळीच गळत होती, दर वर्षी, झाडाखाली सडा पडेपर्यंत.

या प्रकरणात खलनायक कुणी नाही. शहाण्या माणसांनी खऱ्या गोष्टी पाहिल्या आणि त्यांवरून चुकीचे निष्कर्ष काढले. ती चूक कशी घडत गेली, हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं. पुस्तकांत ही गोष्ट बहुधा ‘मग शास्त्रज्ञांनी माशी आणली आणि प्रश्न सुटला’ या एका वाक्यात संपवलेली असते.

झाडं आली कुठून

त्या काळी सुक्या अंजिराच्या व्यापारात स्मर्ना हे पहिलं नाव होतं. स्मर्ना म्हणजे आजचं तुर्कस्तानातलं इझ्मीर बंदर. माल पिकायचा आतल्या भागात, बुयुक मेंदेरेस नदीच्या खोऱ्यात आणि आयदिनच्या आसपास. तिथली मुख्य जात सारीलोप. ‘सारी’ म्हणजे पिवळं. साल पातळ, गर मधासारखा, आणि दाताखाली कुरकुरणाऱ्या बिया. त्या बियांना सुक्यामेव्यासारखी एक खमंग चव असते, आणि स्मर्नाच्या अंजिराचा भाव त्या चवीला होता. (तुर्कीत अंजिराला ‘इंजीर’ म्हणतात. आपला ‘अंजीर’ आणि त्यांचा ‘इंजीर’ दोघेही फारसीच्या अंगणातले.)

कॅलिफोर्नियात अंजीर नवं नव्हतं. स्पेनकडून आलेल्या फ्रान्सिस्कन धर्मप्रसारकांनी अठराव्या शतकात आपल्या मठांभोवती काळ्या जातीची झाडं लावली होती. तिला आजही ‘मिशन’ अंजीर म्हणतात. ती जात भरघोस पिकते, पण वाळवल्यावर स्मर्नाची सर तिला येत नाही. तेव्हा स्मर्नाचीच झाडं आणावीत, हा विचार सरळ होता. सॅन फ्रान्सिस्कोच्या एका वृत्तपत्राचे व्यवस्थापक गुलियन रिक्सफर्ड यांनी पुढाकार घेतला आणि १८८० नंतरच्या दोन-तीन वर्षांत स्मर्नाहून सुमारे १४ हजार काड्या मागवून वर्गणीदारांना वाटल्या. अंजिराची काडी लावायला कौशल्य लागत नाही. ओल्या मातीत खोचली की मुळं धरते. लोकांनी त्या लावल्या, जोपासल्या, तीन-चार वर्षं वाट पाहिली, आणि मग फळगळ सुरू झाली.

संशयाची चार तोंडं

पहिला संशय हवामानावर गेला. पण त्याच हवेत, त्याच वाफ्याला लागून मिशन अंजीर फांद्या वाकेपर्यंत लगडत होतं. मग जमीन, मग पाणी. पाणी कमी देऊन पाहिलं, जास्त देऊन पाहिलं. फरक पडला नाही.

चौथा संशय सगळ्यांत लोकप्रिय ठरला, तो म्हणजे फसवणुकीचा. स्मर्नाच्या व्यापाऱ्यांना आपली मक्तेदारी जायला नको होती, म्हणून त्यांनी मुद्दाम वांझ जातीच्या काड्या गळ्यात मारल्या, असं लोक उघड बोलू लागले. हा संशय लोकांना पटकन पटला याचं नवल नाही. त्यात आपली चूक काहीच निघत नाही, आणि दूरच्या परक्या माणसाबद्दल आधीच जे वाटतं त्याला पुरावा मिळतो. काहींनी झाडं उपटून टाकली.

सगळ्यांनी नाही. फ्रेझ्नोजवळ फ्रेडरिक रोडिंग आणि त्यांचा मुलगा जॉर्ज यांची फॅन्चर क्रीक रोपवाटिका होती. काड्याच खोट्या असतील तर आपला माणूस जाऊन खऱ्या आणील, असा हिशेब त्यांनी केला आणि १८८६ साली रोपवाटिकेतला एक जाणकार माणूस स्मर्नाला धाडला. तो परतला तेव्हा त्याच्याकडे हजारो काड्या होत्या. सारीलोपच्या तर होत्याच, शिवाय तिथे बागेच्या कडेला राखून ठेवलेल्या, खायला निरुपयोगी अशा एका अंजिराच्याही होत्या. ही दुसरी मोळी ध्यानात ठेवायला हवी.

रोडिंगची बाग वाढली. फळं धरली, गोटीएवढी झाली आणि गळाली.

खोऱ्यातल्या माणसांना काय ठाऊक होतं

मेंदेरेसच्या खोऱ्यात जून लागला की एक काम चुकत नाही. बांधावरच्या किंवा टेकाडावरच्या नर-अंजिराची कच्ची, कडक, आत भुसभुशीत असलेली फळं तोडायची. त्या फळांना तुर्कीत ‘इलेक’ म्हणतात. ती लव्हाळ्याच्या काडीत दोन-चार अशी ओवायची आणि हे छोटे हार खायच्या अंजिराच्या फांद्यांवर लटकवायचे. चार-सहा दिवसांनी पुन्हा, मग पुन्हा, असं साधारण तीन आठवडे चालतं. या कामाला ‘इलेकलेमे’ म्हणतात. इलेक बांधलं नाही तर फळ टिकत नाही, हे तिथे पोराटोरांनाही माहीत असतं.

पद्धत त्या एका खोऱ्यापुरती नव्हती. ग्रीसमध्ये होती, उत्तर आफ्रिकेत होती. अल्जीरियातले काबील लोक नर-अंजिराला ‘दोक्कार’ म्हणत, म्हणजे अरबीतला ‘नर’च. रोमन लोक त्याला ‘काप्रिफिकुस’ म्हणजे बोकडअंजीर म्हणत, आणि त्यावरून युरोपात या साऱ्या विधीला ‘कॅप्रिफिकेशन’ हे नाव पडलं. अ‍ॅरिस्टॉटलनं तर ख्रिस्तपूर्व चौथ्या शतकात लिहूनच ठेवलंय की रानअंजिरात, म्हणजे याच नर-अंजिरात, आधी अळी होते, मग कात फोडून ‘प्सेन’ नावाचा कीटक उडतो, कच्च्या अंजिराच्या तोंडातून आत शिरतो आणि फळ गळू देत नाही. म्हणून शेतकरी रानअंजीर बागेच्या झाडांना बांधतात आणि जवळपास लावूनही ठेवतात. त्याच्या आधीच्या शतकात हेरोडोटसनंही हा कीटक ऐकला होता. मात्र त्यानं तो बाबिलोनच्या खजुरावर नेऊन बसवला. खजुराला नराचा पराग लागतो हे खरं, पण तिथे कीटकाचं काही काम नाही. एका झाडाची गोष्ट दुसऱ्याच्या खात्यात लिहिली गेली, आणि पुढेही अंजिराच्या बाबतीत हे वारंवार झालं.

तर उत्तर दोन हजार वर्षांहून जास्त काळ लिहिलेलं होतं. शिकलेल्या लोकांत अ‍ॅरिस्टॉटल वाचलेले पुष्कळ होते. मग ते कुणी घेतलं कसं नाही?

विद्वानांचा निकाल

इथे आपल्याला नेपल्सला जावं लागतं. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर तिथल्या गुल्येल्मो गास्पारीनी या वनस्पतिशास्त्रज्ञानं या प्रथेची रीतसर परीक्षा घेतली. काही झाडांना रानअंजीर बांधलं, काहींपासून कीटक दूर ठेवले. दोन्हीकडे फळं पिकली. निष्कर्ष उघड होता : ही प्रथा निरर्थक आहे, वेळ आणि मजुरी वाया जाते, ती बंद करावी. त्याच्याही आधी काही युरोपीय प्रवाशांनी तिला अडाणी शेतकऱ्यांचा समज म्हणून मोडीत काढलं होतंच. आता त्यावर प्रयोगाचा शिक्का बसला.

गास्पारीनी खोटं बोलत नव्हता, आणि प्रयोग आळशीपणानंही केलेला नव्हता. फरक झाडांत होता. इटलीत बहुतेक लागवड ‘साध्या’ अंजिराची होती, आणि ती झाडं परागाशिवायच फळ धरतात. बी तयार होत नाही, पोकळ राहतं, पण गर भरतो, गोड होतो. मिशन अंजीरही त्यातलंच. स्मर्नाचं अंजीर मात्र बी धरल्याशिवाय फळ पोसत नाही. बाहेरून पाहिलं तर दोन्ही झाडं एकाच जातीची, शास्त्रीय नाव फिकस कॅरिका. पान सारखं, खोड सारखं, चीक सारखा. नेपल्सच्या झाडांबद्दलचा खरा निष्कर्ष सगळ्या अंजिरांना लावला गेला आणि तो खोटा झाला.

मला या प्रकरणाचं मर्म इथे दिसतं. प्रथा तपासताना ती कुठल्या झाडासाठी आहे हे विचारलं गेलं नाही. शिवाय ती पाळणाऱ्यांना कारण विचारलं तर एकेक जण वेगळं सांगे. कुणी म्हणे कीटक फळातला जास्तीचा रस पितो, कुणी म्हणे त्यानं पाडलेल्या भोकातून हवा आत जाते. ही कारणं चुकीची होतीच. कारण चुकलं म्हणून कृतीही निकालात निघाली.

फळाच्या आत

न दिसणाऱ्या गोष्टीला मराठीत ‘उंबराचं फूल’ म्हणतात. त्या शब्दांत वनस्पतिशास्त्र ठासून भरलंय. उंबर, वड, पिंपळ, अंजीर ही सगळी एका घरची, फिकस कुळातली. या कुळात साडेसातशेच्या वर जाती आहेत, आणि फूल बाहेर दिसेल अशी त्यात एकही नाही. आपण फळ म्हणतो तो खरं तर एक फुगलेला, आतल्या बाजूला वळलेला फुलोरा आहे. शेकडो फुलं आत तोंड करून बसलेली, आणि बाहेर यायला टोकाशी खवल्यांनी मिटलेलं एकच बारीक छिद्र. वारा तिथे पोचत नाही, मधमाशी पोचत नाही.

कच्चं उंबर ब्लेडनं उभं चिरून भिंगाखाली धरलं तर हे एका दमात कळतं. मी पहिल्यांदा चिरलं तेव्हा वेळ साधली गेली होती. आतल्या दाण्यांतून काळे, पंखवाले ठिपके बाहेर पडत होते आणि त्यांच्यामध्ये पंख नसलेले, पिवळसर, वाकडेतिकडे दुसरेच काही जीव फिरत होते. ते एकाच जातीचे नर आणि मादी आहेत, हे सांगितल्याशिवाय पटलं नसतं.

अंजिराच्या माशीचं नाव ब्लास्टोफॅगा सेनेस. (अ‍ॅरिस्टॉटलचा ‘प्सेन’ या नावात टिकून आहे.) गोत्र गांधीलमाशीचं, अंगलट चिलटाची, लांबी जेमतेम दोन-अडीच मिलिमीटर. पुढे तिला नुसतं माशीच म्हणतो. अंजिराची झाडं दोन प्रकारची असतात. नर-अंजिराच्या फळात परागाची फुलं असतात आणि मादीफुलंही असतात, पण त्या मादीफुलांची दांडी आखूड असते. माशी दांडीतून आपली सुई खाली घालते, अंडं बीजांडापर्यंत पोचतं, फुलाची गाठ होते आणि त्या गाठीत पिल्लू वाढतं. नर आधी बाहेर पडतो, मादीच्या गाठीला भोक पाडून आतच तिच्याशी समागम करतो आणि त्याच फळात मरतो. उजेड त्याला कधी दिसत नाही. मादी बाहेर निघते, छिद्राकडे सरकते, आणि तिथे वाटेवर नेमकी परागाची फुलं उमललेली असतात. अंगभर पीठ लागल्यासारखी ती बाहेर येते. हातात साधारण एक दिवस.

आता तिला कोवळं अंजीर हवं असतं, अंडी घालायला. वासानं ती जवळच्या फळावर उतरते आणि मिटलेल्या खवल्यांतून घुसते. वाट इतकी अरुंद की पंख बाहेरच तुटतात, मिशांचे तुकडे होतात. परतायचा रस्ता संपला. ते फळ नर-अंजिराचं निघालं तर वंश पुढे चालतो. ते सारीलोपचं निघालं तर आतल्या प्रत्येक फुलाची दांडी लांब असते, सुई तळाला पोचत नाही. ती या फुलावरून त्या फुलावर फिरते, प्रत्येक ठिकाणी खुपसून पाहते आणि अंगावरचा पराग सांडत जाते. शेवटी आतच मरते. बी धरतं, फळ फांदीवर टिकतं.

मग खाताना माशी दाताखाली येते का? हे सगळ्यांनाच विचारावंसं वाटतं. साध्या अंजिराला माशी लागतच नाही, तेव्हा तिथे प्रश्न नाही. स्मर्ना जातीत एखाद-दुसरी मादी शिरलेली असते, पण अंजिराच्या चिकात प्रथिनं विरघळवणारं फिसिन हे विकर असतं आणि पिकेपर्यंत तिच्यातलं फारसं काही उरत नाही. दाताखाली कुरकुरतं ते बी.

हे सगळं कोडं १८८० च्याच दशकात उलगडत होतं. जर्मनीत झोल्म्स-लाउबाख आणि ब्राझीलमध्ये बसलेले फ्रिट्झ म्युलर या अभ्यासकांत रानअंजीर आणि बागेतलं अंजीर ही एकाच जातीची नर-मादी आहेत की नाहीत यावर वाद चालू होता. कलकत्त्याच्या वनस्पती उद्यानाचे प्रमुख जॉर्ज किंग आशियातल्या फिकस जातींत आखूड दांडीची ‘गाठफुलं’ दाखवून देत होते. फ्रेझ्नोच्या बागाईतदाराच्या टेबलावर यातलं काही येण्याची शक्यता नव्हती. एक माणूस मात्र ते वाचत होता.

सभेतल्या शिट्ट्या

गुस्ताव्ह आयझेन मूळचा स्वीडनचा. शिक्षणानं प्राणिशास्त्रज्ञ, गांडुळांचा अभ्यासक. भावाचा फ्रेझ्नोजवळ मोठा द्राक्षमळा होता, त्यामुळे शेतकऱ्यांत त्याची ऊठबस होती. फ्रेझ्नोच्या एका बागाईतदार सभेत त्यानं सांगितलं की स्मर्नाची झाडं अस्सल आहेत, फक्त त्यांना नर-अंजीर हवं आणि त्यातली माशीही हवी. त्यानंच पुढे लिहून ठेवलं की सभेत त्याची हुर्यो झाली, काहींनी शिट्ट्याही मारल्या.

शिट्ट्या मारणाऱ्यांची बाजूही पाहू. त्यांच्या परसात मिशन अंजीर माशीशिवाय पिकत होतं. युरोपातल्या विद्वानांनी ही प्रथा खोटी ठरवल्याचं त्यांच्या कानावर होतं. आणि सांगणारा म्हणत होता, परदेशातून एक कीटक मुद्दाम आणा आणि आपल्या बागेत सोडा. द्राक्षांच्या मुळावर बसणाऱ्या फिलॉक्सेरा या परक्या कीटकानं द्राक्षबागांची काय दशा केली ते त्यांच्या डोळ्यांसमोर होतं. अशा वेळी मीही हात वर केला नसता.

जॉर्ज रोडिंगनं वाद घातला नाही. त्याच्याकडे ती दुसरी मोळी होती, आणि एव्हाना त्यातली नर-अंजिराची झाडं मोठी झाली होती. १८९० च्या उन्हाळ्यात नराचं फळ चिरून त्यातला पराग काढला, लाकडी दातकोरणीच्या टोकावर घेतला आणि सारीलोपच्या कोवळ्या फळांच्या छिद्रातून आत सरकवला. बाकीची फळं नेहमीप्रमाणे गळाली. ही गळाली नाहीत. बोटांवर मोजण्याइतकीच होती, पण पिकली, आणि वाळवून चाखली तेव्हा चव स्मर्नाची निघाली. पुढच्या वर्षी दातकोरणीच्या जागी निमुळती काचेची नळी आली. पराग नळीत भरायचा, टोक छिद्रात घालायचं आणि फुंकर मारायची. या वेळी शंभराहून जास्त फळं हाती लागली.

इतक्या साध्या प्रयोगांनी इतके वाद मिटल्याची उदाहरणं फार नसतील. हवामान, जमीन, पाणी आणि स्मर्नाच्या व्यापाऱ्यांची लबाडी, चारही संशय एका दातकोरणीनं निकालात काढले. त्या झाडांबद्दल खोटं कुणीच बोललं नव्हतं. बहुतेकांनी फक्त मादीझाडं लावली होती, एवढंच.

पण नळीनं फुंकून बाग उभी राहत नाही. एका झाडावर हजारो फळं, आणि प्रत्येकाची वेळ जेमतेम काही दिवसांची. मजूर परवडणार नव्हते. काम माशीलाच करावं लागणार होतं.

माशी का टिकत नव्हती

१८९० च्या दशकात माश्या आणायचे एकाहून अधिक प्रयत्न झाले आणि फसले. माशी आली, उडाली, मेली. कारण तिच्या वर्षाच्या फेऱ्यात आहे.

नर-अंजीर वर्षाला तीन बहार धरतं. इटालियन शेतकऱ्यांनी त्यांना दिलेली नावंच शास्त्रात रूढ झाली. हिवाळा काढणारा बहार ‘माम्मे’, त्यात माशीची अळी थंडीभर झोपते. वसंतात ती बाहेर येते तेव्हा नवा बहार तयार असतो, तो ‘प्रोफिकी’. यात परागाची रेलचेल असते, आणि इलेक म्हणून बांधतात ती हीच फळं. जूनमध्ये निघालेली माशी शरदातल्या ‘माम्मोनी’ बहारात जाते, आणि तिथून पुन्हा हिवाळ्याच्या फळांत. तीन खोल्यांचं हे घर. एका वेळी एकही खोली रिकामी मिळाली नाही तर एका दिवसाच्या आयुष्यात तिला दुसरीकडे जाता येत नाही. म्हणजे माशी पाठवायची ती झोपलेली असताना, हिवाळी फळासकट पाठवायची, आणि ती जागी होईल त्या दिवशी समोर योग्य वाढीचं नर-अंजीर हवं. आगबोट, रेल्वे आणि टपालाच्या वेगानं.

अमेरिकेच्या कृषी खात्याचा वॉल्टर स्विंगल हा तरुण वनस्पतिशास्त्रज्ञ तेव्हा भूमध्य समुद्राकाठी हिंडत होता. त्यानं अल्जीरियातून माम्मे फळं पाठवली. प्रत्येक फळ आटू नये म्हणून कथलाच्या वर्खात गुंडाळलेलं, आणि सगळी पेटीत नीट भरलेली. १८९९ च्या वसंतात ती फ्रेझ्नोला पोचली. रोडिंगच्या बागेत एका नर-अंजिरावर कापडाचा तंबू उभारून फळं त्याच्याखाली ठेवली. जूनमध्ये त्या झाडाच्या स्वतःच्या फळांतून माश्या निघू लागल्या. मग तीच फळं तोडून सारीलोपवर टांगली. मेंदेरेसच्या खोऱ्यात टांगतात, अगदी तशी.

त्या हंगामात फळं गळाली नाहीत. माशी त्या थंडीतही टिकली आणि पुढच्या वर्षी पुन्हा दिसली. सारीलोपला कॅलिफोर्नियात ‘कॅलिमिर्ना’ हे जोडनाव मिळालं आणि सुक्या अंजिराचा मोठा धंदा उभा राहिला. रोडिंग १९०१ साली स्वतः स्मर्नाला जाऊन आला. स्विंगलनं पुढे अल्जीरियातूनच देगलेत नूर हा खजूर अमेरिकेत नेला, पण तो वेगळा विषय.

नंतरचं

माशी आली तशी तिच्यासोबत न मागितलेलीही पाहुणी आली. काही वर्षांतच पिकणारी कॅलिमिर्ना आतून तपकिरी पडू लागली. १९२० च्या दशकात कारण सापडलं. माशी नर-अंजिरातून पराग आणते तशी फ्युजेरियम बुरशीही आणते. माशी गेली तर फळ गळतं आणि माशी राहिली तर सडतं, अशी पंचाईत. तोडगा निघाला तो स्वच्छतेचा. नर-अंजिराची बाग मुख्य बागेपासून लांब ठेवायची, हिवाळी फळं उतरवून त्यांच्यावर बुरशीनाशकाची प्रक्रिया करायची आणि निरोगी माश्यांची पिढी तयार करायची. माश्या जास्त झाल्या तरी तोटाच. एका फळात फार जणी शिरल्या की बी इतकं धरतं की फळ फुगून उकलतं. म्हणून नर-फळं मोजून, पिशव्यांत घालून, ठरल्या दिवसांच्या अंतरानं टांगतात. लव्हाळ्याच्या काडीऐवजी कागदी पिशवी, बाकी काम तेच.

दुसरी गोष्ट उशिरा लक्षात आली. माशी येण्याआधी कॅलिफोर्नियातल्या अंजिराच्या बियांत जीव नव्हता. झाड काडीनं लावलं तरच उगवायचं, माणसाला विचारून. १८९९ नंतर बी रुजू लागलं. पाखरांनी अंजिरं खाल्ली आणि बी नदीकाठी नेऊन टाकलं. आज मध्य खोऱ्यातल्या नदीकाठच्या रानात अंजिराची आपोआप उगवलेली दाट बेटं आहेत. त्यांच्या सावलीत तिथली मूळची झाडं वर येत नाहीत, आणि राज्यातल्या आगंतुक वनस्पतींच्या यादीत फिकस कॅरिकाचं नाव आहे.

हवाई बेटांवर याचीच दुसरी बाजू घडली. उघड्या पडलेल्या डोंगरांवर जंगल लवकर उभं राहावं म्हणून १९२० च्या सुमारास ऑस्ट्रेलियातल्या दोन फिकस जातींच्या माश्या मुद्दाम आणून सोडल्या. तोवर वांझ असलेली ती झाडं मग बियांनी पसरू लागली. तेव्हा ते यशच मानलं गेलं होतं.

फ्रेझ्नोच्या उत्तरेला, सॅक्रामेंटोच्या बाजूला कोसम्नेस नदी आहे. तिच्या राखीव रानातून अंजीर काढायची मोहीम हाती घ्यावी लागली. नुसतं तोडून भागत नाही. बुंधा जमिनीबरोबर कापला तरी मुळांपासून पुन्हा धुमारे फुटतात आणि तुटून ओल्या गाळात पडलेली फांदीही मुळं धरते. म्हणून कापलेल्या बुंध्यावर लगेच तणनाशक लावायचं, फांद्या गोळा करून बाहेर न्यायच्या आणि पुढच्या पावसाळ्यानंतर त्याच जागी पुन्हा पाहायला यायचं.